एका कोटातली तीनशे बारा स्थळं

कशाची जाहिरात करायची हे माहीत नसलं की जाहिरात जास्त चांगली होते, असं माझं मत होतं. होतं म्हणतोय, कारण आता ते राहिलेलं नाही.

मी भागवत. कोळथडीत फ्लेक्स छापतो आणि 'थडी टाइम्स' नावाचं यूट्यूब चॅनेल चालवतो. कोपरगावपासून नऊ किलोमीटरवर, गोदावरीच्या काठाला आमचं गाव. चहूकडं ऊस आणि रस्त्याच्या दर वळणावर माझा फ्लेक्स. वाढदिवस, निवड, अभिनंदन, श्रद्धांजली, सगळं माझ्याकडंच येतं. शुभेच्छुकांचे फोटो केवढे घ्यायचे, कुणाचं डोकं कुणाच्या डोक्यापेक्षा वर गेलं की भाऊबंदकी पेटते, हे मला तोंडपाठ आहे. तेव्हा प्रसिद्धीतलं मला कुणी शिकवू नये.

जानेवारीत सहादेव नानांची राजनंदिनी पुण्याहून आली. नाना म्हणजे आमच्या गावचे फोटोग्राफर. बाजारतळावर बारा बाय दहाचा स्टुडिओ, सत्तावीस वर्षं झाली. वय बासष्ट. बोलणं कमी, आणि फोटो काढताना तर दोनच शब्द, 'मान' आणि 'हं'. राजनंदिनी त्यांची एकुलती एक, पुण्यात चित्रकलेच्या कॉलेजात शिकवते.

"भागवतदादा, नानांच्या फोटोंचं प्रदर्शन करायचंय. प्रसिद्धी तू बघ."

"कसले फोटो?"

"ते उद्घाटनापर्यंत कुणाला सांगायचं नाही. पुण्यात गॅलरी चालवणाऱ्या एका बाईंनी पाहिले, त्या वेड्याच झाल्या. एक्सक्लुझिव्ह कलेक्शन आहे दादा. प्रत्येक फोटोची एकच प्रत. चार दिवस इथं लावायचं, मग पुण्याला जाणार."

मला खरं तर राग यायला हवा होता. माल न दाखवता जाहिरात कर म्हणणं म्हणजे मापं न देता शर्ट शिवायला टाकणं. पण मला उलट स्फुरण चढलं. मी अख्खा काळा फ्लेक्स छापला. त्यावर सोनेरी अक्षरांत, 'आजवर कुणी पाहिले नाही. पुन्हा कुणाला दिसणार नाही.' खाली नानांचं नाव, तारीख, आणि ठिकाण म्हणून सोसायटीचं खताचं गोदाम, कारण गावात दुसरी एवढी मोठी भिंत नव्हती. चेहरा एकही नाही. आमच्या गावात चेहरा नसलेला फ्लेक्स लागण्याची ही पहिलीच वेळ होती.

पहिले दोन दिवस लोक त्याच्यापुढं उभे राहून कोण गेलं ते शोधत होते. तिसऱ्या दिवशी अफवा सुरू झाल्या. कुणी म्हणालं बिबट्याचे आहेत, कुणी म्हणालं बिबट्याचे नाहीत, बिबट्या आलाय म्हणून सांगून रात्री उसात कोण जातं त्याचे आहेत. माजी सरपंच पुंजाराम माझ्या दुकानात येऊन अर्धा तास बसले. उठताना म्हणाले, "त्यात माझं काय न्हाई ना?"

"तुमचं काय असंल?"

"तेच तर इचारतोय."

मला फार आनंद झाला. एवढी प्रसिद्धी मी आमदारांच्या वाढदिवसालाही केली नव्हती. त्या आनंदात मी रिक्षाला भोंगा बांधला आणि आणखी एक घोषणा केली. संक्रांत नुकतीच झाली होती, हळदीकुंकवाचे दिवस. म्हणून पहिला दिवस खास महिलांसाठी, येणाऱ्या प्रत्येकीला हळदीकुंकू आणि वाण म्हणून स्टीलचा डबा. माझ्या बायकोनं, रोहिणीनं, तिच्या बचत गटाच्या साठ बायकांची नावं पहिल्याच संध्याकाळी लिहून दिली. साठ बायका, म्हणजे गावातली साठ घरं.

मग उद्घाटनाला दहा दिवस राहिले असताना नानांनी मला स्टुडिओत बोलावलं. फोटोंच्या मागं नंबर चिकटवायचे होते आणि त्यांचे हात थरथरतात. त्यांनी पेटी उघडली, आणि मी पहिला फोटो पाहिला, दुसरा पाहिला, दहावा पाहिला, आणि मला भोंग्यावरची माझीच घोषणा आठवली.

इथं आमच्याकडची एक गोष्ट सांगितली पाहिजे. मुलाचं लग्न ठरवायचं म्हणजे बायोडाटा आला, बायोडाटा म्हणजे फोटो आला, आणि फोटो म्हणजे कोट आला. कोटाशिवाय मुलगा नुसताच मुलगा असतो, कोट घातला की त्याचं स्थळ होतं. आता कोळथडीत कोट कुणाकडं असणार? ऊस तोडताना कोट लागत नाही. म्हणून नानांच्या स्टुडिओत एक कोट होता. निळा, सोनेरी बटणांचा. नानांनी तो अठ्ठ्याण्णव साली एका बंद पडलेल्या बँडपथकाच्या मास्तरकडून घेतला आणि खांद्यावरचे गोंडे कापून टाकले. जाड्याला बटणं न लावता, बारक्याला मागून कपड्याचे चिमटे लावून, उंचाला कोपर वाकवायला लावून, असा तो सगळ्या गावाला बसायचा. फोटो छातीपर्यंतच कापलेला असायचा, त्यामुळं मुलीकडच्यांना वरचा कोट दिसायचा आणि बाकी सगळं चांगलंच असेल असं ते गृहीत धरायचे.

आणि लग्न झालं की पहिल्या दिवाळीला बायको विचारायची, "अहो, तो कोट कुठाय?"

गावात त्याबद्दल पुरुष एकमेकांशी कधी बोलले नाहीत. ज्यानं त्यानं आपापल्या घरात आपापलं उत्तर शोधलं. माझं उत्तर होतं, लाँड्रीत टाकलाय. दुसऱ्या वर्षी रोहिणीनं विचारलं तेव्हा लाँड्रीवाला दुकान बंद करून सुरतेला निघून गेला होता. तिसऱ्या वर्षी मी त्याचा फोन नंबर मिळवला. चौथ्या वर्षी इस्त्रीनं कोटाची बाही जळाली, तो बिचारा रफू करून देणार होता. पुढं त्याचा भाऊ कोट घेऊन मस्कतला गेला. रोहिणी दर वर्षी हातातलं काम थांबवून, माझ्या तोंडाकडं बघत ऐकायची. मला वाटायचं, तिला गोष्ट आवडते. म्हणून मी दर वर्षी ती आणखी नीट रचायचो. लाँड्रीवाल्याला मी मुलगीसुद्धा दिली होती, तिची दहावी झाली.

आता पुढच्या महिन्यात बेलापूरला रोहिणीच्या भावाचं लग्न होतं, आणि तिनं विचारून ठेवलं होतं, "औंदा तरी यील का त्यो कोट?"

मला भीती कोटाची नव्हती. एवढ्या मोठ्या गावात माझं ऐकणारं असं एकच माणूस आहे आणि ती रोहिणी. मी काही बोललो की ती खरं धरून चालते, निदान तसं मला वाटायचं. नऊ वर्षांचा कोट एकदा खोटा ठरला, तर मी सांगितलेलं बाकी काय खरं उरणार?

बरं, फोटोत नुसता कोट असता तरी निभावलं असतं. नानांनी छापले होते ते न कापलेले, पूर्ण फोटो. वर निळा कोट, सोनेरी बटणं, वांगी रंगाचा टाय. खाली कुणाचा नाडी लोंबणारा पायजमा, कुणाची लुंगी, कुणाचे उसाला पाणी देऊन आल्याचे चिखलाचे गमबूट. एकाच्या खाली फक्त टॉवेल होता. असे तीनशे बारा फोटो, एकाच पडद्यापुढं, एकाच कोटात, सत्तावीस वर्षं. माझा नंबर एकशे सत्त्याऐंशी. दुमडलेली हाफ पँट, गुडघ्यापर्यंत चिखल, आणि फ्रेमच्या कडेला उजेड पाडायला थर्माकोलचा पांढरा तक्ता धरून उभी असलेली माझी आई. आईला जाऊन चार वर्षं झाली. तिचा उभा असलेला एकही फोटो आमच्या घरात नाही. मी तो फोटो बघतच राहिलो आणि मला एकाच वेळी रडू आलं आणि तो फोटो फाडावासा वाटला.

"नाना, एकशे सत्त्याऐंशी काढा."

"का?"

"का म्हंजी? माझी बायको येनार हाय."

नानांनी पुढचा नंबर माझ्या हातात दिला. मग म्हणाले, "भागवता, एक काढला तर भिंतीला दात पडल्यावानी दिसंल. अन् एक काढला की बाकीचं समदं रांगेत येत्याल."

"पन हे खालचं कशाला दाखवायचं?"

"वरचा कोट सगळ्यांचा एकच हाय. खालचं मातर ज्याचं त्याला. सत्तावीस वर्षं लोकं वरचं घेऊन गेली, खालचं माझ्यापाशी ऱ्हायलं. आता ते माझं हाय." एवढं लांब वाक्य नानांच्या तोंडून मी आयुष्यात ऐकलं नव्हतं.

मग मी माझ्या व्यवसायाला शोभेल तेच केलं. जाहिरात उलटी फिरवली. भोंग्याची रिक्षा परत बाहेर काढली आणि स्वतः माईक धरून गल्लीगल्लीतून सांगितलं की बंधू-भगिनींनो, प्रदर्शनात पाहण्यासारखे विशेष काही नाही, फोटो साधे आहेत, गर्दी करू नये, महिलांनी घरची कामं टाकून येण्याची गरज नाही. नवे फ्लेक्सही लावले, 'नाही आलात तरी चालेल.' परिणाम असा झाला की संध्याकाळपर्यंत शेजारच्या चार गावांतून फोन आले. काय दडवताय, असं एकानं मला सरळच विचारलं. रोहिणीच्या यादीत साठाच्या एकशे चाळीस झाल्या आणि स्टीलचे डबे कमी पडले.

मी कल्याणला विश्वासात घेतलं. कल्याण माझा लहानपणचा मित्र, ट्रॅक्टर चालवतो, नंबर दोनशे अकरा. त्याला म्हणालो, कुणाला सांगू नको. त्यानं कुणाला सांगितलं नाही, तरी दुसऱ्या दिवशी सगळ्या पुरुषांना माहीत होतं. गावातला आवाजच बसला. पारावर माणसं बसलेली, पण कुणी कुणाकडं बघत नव्हतं. फक्त वाल्मिक खूश होता. वाल्मिक एकोणचाळीसचा, अजून लग्न व्हायचंय, दर दीड-दोन वर्षांनी नवा फोटो काढतो.

"माझे सात हायेत," तो मला म्हणाला. "सातीबी दाराजवळ लाव. बाया येनारेत ना, त्यांच्या बहिनी असत्याल."

त्या संध्याकाळी मला ती कल्पना सुचली. आजही मला ती कल्पना वाईट वाटत नाही. कोट माझाच होता, असं सांगायचं. मूळ कोट माझा, मी तो उदार मनानं नानांना वापरायला दिला, नानांनी तो गावभर फिरवला, म्हणून मला इतकी वर्षं परत मिळाला नाही, आणि मित्राचं नाव खराब होऊ नये म्हणून मी लाँड्रीचं सांगत आलो. आता तेवढा कोट अंगावर पाहिजे. मी फोनवर फोटो काढून कोपरगावला कानिफनाथ टेलरकडं गेलो आणि हुबेहूब तसा कोट शिवायला टाकला. कानिफनाथ फोटोकडं बघून जरा हसला, पण काही बोलला नाही. तो पोटात ठेवणारा माणूस आहे. "शुक्रवारी न्या," म्हणाला. "निळं कापड संपत आलंय, तुमचं तेवढं कापून ठेवतो."

शनिवारी अकराला उद्घाटन. मी साडेदहालाच गोदामामागं, वजनकाट्याच्या आडोशाला पिशवीतून कोट काढला, घातला, बटणं लावली आणि वळलो. समोर कल्याण शेवटचं बटण लावत होता.

आम्ही एकमेकांकडं बघत राहिलो.

"माझा जुना हाय," कल्याण म्हणाला.

"माझाबी जुनाच हाय."

दोघांच्याही कोटावर शिंप्याच्या खडूच्या रेघा होत्या. तेवढ्यात कुंपणाच्या फटीतून तिसरा आला. मग दोघं उसातून आले. मग एका मोटारसायकलवर तिघं. शाळेच्या बाजूनं, डेअरीच्या बाजूनं, नदीच्या बाजूनं, जो तो एकटा, चोरासारखा, निळा कोट घालून येत होता, आणि कोपऱ्यावर वळला की जागीच थबकत होता. पंचाहत्तर जण झाले. शेवटच्या आठ-दहा जणांना निळं कापड मिळालं नव्हतं, त्यांचे कोट शाळेच्या गणवेशाच्या कापडाचे होते. पुंजारामसुद्धा आले होते, त्यांच्या लग्नाला बेचाळीस वर्षं झाली आणि त्यांचा फोटो भिंतीवर नव्हताच. मी विचारलं तर म्हणाले, "सगळे शिवत्यात म्हनून मीबी शिवला." सगळ्यांच्या मागं कानिफनाथ गळ्यात टेप अडकवून उभा होता आणि पाठीवरची शिवण कुणाची कशी बसली ते बघत होता. फक्त वाल्मिक आपला नेहमीचा स्वेटर घालून आला होता. त्याला कुणाला काही सांगायचं नव्हतं.

पुण्याच्या बाई गाडीतून उतरल्या, त्यांनी आम्हाला पाहिलं आणि त्यांचा हात छातीवर गेला. राजनंदिनीला म्हणाल्या, "हे तू मला सांगितलं नाहीस. फोटोतली माणसं भिंतीवरून खाली उतरलीयत." आम्हाला त्यांनी एका रांगेत उभं केलं आणि म्हणाल्या, काही बोलू नका, हे असंच राहू द्या. बोलायचं आमच्या मनातही नव्हतं. आम्ही गोदामात शिरलो ते लेझीम पथकासारखे, एकामागून एक.

आत खताचा वास भरून राहिला होता. पोती हलवली तरी वास हलत नाही. डोळ्यांतून पाणी यायचं. बाई रुमालानं डोळे टिपत म्हणाल्या की गावातली माणसं कलेपुढं अशी मोकळी होतात हे शहरात दिसत नाही.

बायका आमच्या आधीच आत होत्या. दीडशे बायका, कपाळाला हळदीकुंकू, हातात स्टीलचे डबे, आणि आवाज एकीचा नाही. त्या एका टोकापासून हळूहळू भिंत वाचत येत होत्या. आपला नवरा सापडला की थांबायच्या, वरपासून खालपर्यंत बघायच्या आणि मग शेजारचा फोटो बघायच्या. लंकाबाई नावाची आमच्या भावकीतली म्हातारी तिच्या तिन्ही मुलांपुढं एकेक मिनिट उभी राहिली आणि म्हणाली, "तिघांचंबी जमलं, कोट बाकी गुनाचा हुता." ती सासू होती, तिला सगळं माहीत होतं.

मग कल्याणची बायको सविता वळली आणि तिनं आम्हाला पाहिलं. पंचाहत्तर कोट. ती शेजारणीला मोठ्यानं म्हणाली, "आमच्यात उंदरांनी खाल्ला हुता. तुमच्यात?"

"आमच्यात मामांनी नेला. मामा वारलं, त्यांच्यासंगं गेला म्हने."

"आमचा बंबात जळाला."

"आमचा ट्रॅक्टरवरनं कॅनॉलमधी पडला. ह्यांनी उडी बी मारली हुती म्हनं, त्याच्यामागं."

मग काय, एकीचं ऐकून दुसरी, दुसरीचं ऐकून तिसरी. हसता हसता बायका खाली बसल्या. कुणाचा डबा घरंगळत गेला. आमच्या रांगेत प्रत्येक जण आपापली पाळी येताना ऐकत उभा होता. कल्याण मात्र धीराचा. तो पुढं झाला आणि म्हणाला, "सविता, ऐक तर. कोट मूळचा माझा. मी नानाला वापराया दिल्ता."

माझी कल्पना. शब्दाला शब्द. माझ्या डाव्या-उजव्या बाजूला माणसांचे चेहरे पडलेले पाहिले तेव्हा मला कळलं की ती त्या सगळ्यांचीच होती.

सविता म्हणाली, "पयल्या फोटोखाली अठ्ठ्यान्नव साल लिवलंय. तवा तुमी सातवीत हुता. बाह्या कुटवर येत हुत्या?"

त्यावर लंकाबाईसुद्धा हसली. कल्याण रांगेत परत आला. मी रोहिणीला शोधत होतो. ती हसत नव्हती. ती एकशे सत्त्याऐंशीपुढं एकटीच उभी होती.

मी जाऊन तिच्या शेजारी उभा राहिलो. माझ्या अंगावर कोट, भिंतीवर माझ्या अंगावर कोट.

"आत्याबाई हायेत ना ह्या?" तिनं विचारलं. माझ्या आईला ती आत्याबाई म्हणायची.

"व्हय."

"किती दमल्यात."

"दिसभर पानी भरत हुतो आमी. तसंच आल्तो." मग मला राहवलं नाही. "रोहिणी, हा कोट माझा न्हाई. कधीच नव्हता. अंगावर हाय तो काल शिवून आनला. लाँड्री, सुरत, मस्कत, सगळं खोटं हुतं."

"मला म्हाईत हाय."

"आज कळलं?"

"लग्नाच्या आधी. आमच्या आन्नांनी माझ्यासाठी तुमच्या गावचे दोन फोटो आनले हुते. एक तुमचा, एक त्यो तिकडचा." तिनं हात केला. दोनशे चार नंबर, आमच्या पोस्टमनचा मुलगा. "कोट एकच, टाय एकच, दुसरं बटन बी तसंच वाकडं. मला वाटलं, दोघं भाऊ असत्याल. एका कोटावर दोघं भागिवत्यात अन् भांडत न्हाईत, मंजी घर चांगलं असंल. म्हनून व्हय म्हनले."

"मला कुठं भाऊ हाय?"

"ते मांडवात कळलं."

मागं बायका अजून हसत होत्या. मी विचारलं, "मग दर वर्षी इचारत का हुतीस?"

"तुमी खरं कधी सांगताय ते बघत हुते. पयल्या दिवाळीला वाटलं, लाजत असत्याल. दुसऱ्या दिवाळीला वाटलं, आता सांगत्याल. त्या लाँड्रीवाल्याच्या पोरीची दहावी झाली म्हनालात, त्या दिवशी मी आत जाऊन रडले. जी न्हाईच, तिचं बी एवढं बारीक सांगताय. मग मला जे सांगताय त्यातलं कोनतं हाय अन् कोनतं न्हाई, हे मी कसं वळखायचं?"

मला फार वाईट वाटलं. एवढंच म्हणालो, "आज सांगितलं की."

"आज तुमी न्हाई सांगितलं," ती म्हणाली. "आज भिंतीनं सांगितलं." आणि ती बायकांत गेली.

चारच्या सुमाराला मी तिला गाडीवर बसवून घराकडं निघालो. कोट काढून डिकीत टाकला होता. कॅनॉलच्या रस्त्यानं अर्धं अंतर झालं. मग ती मागून म्हणाली, "भिंतीवर न्हाई असं काय काय हाय?"

मला आधी समजलंच नाही. मग समजलं. मी गाडी हळू केली आणि सांगायला लागलो. बायोडाट्यात वय सत्तावीस लिहिलं होतं ते तीस होतं. चार एकर लिहिलं होतं ते अडीच. दुकान स्वतःचं लिहिलं होतं, तेव्हा मी तिथं कामाला होतो. ती नुसती हूं म्हणत होती, यातलं तिला बहुतेक ठाऊक असावं. माझा धीर वाढला. मग सांगता सांगता ते आलं.

"तुझी आई नगरला दवाखान्यात हुती, तवा मी भेटून आलो म्हनालो. गेलो नव्हतो. मला दवाखान्याची भ्या वाटती. फाट्यावर च्या पिऊन बसलो अन् माघारी आलो."

मागून हूं आलं नाही. गाडी घरापुढं आली, मी ती बंद केली. रोहिणी तशीच बसून होती.

"आई म्हनत हुती," ती म्हणाली, "जावई आले न्हाईत. मी म्हनले, आले हुते, गोळ्यांनी तुला आठवत न्हाई. सगळ्यांम्होरं म्हनले. तवापास्नं ती दर गोष्ट मला इचारून घेती, मला नीट आठवतंय का म्हनून."

मी हँडल धरून बसलो होतो. मागं वळून बघण्याची हिंमत झाली नाही.

"बेलापूरला लग्नात तिला सांगा, तिला चांगलं आठवत हुतं म्हनून. चारचौघांत सांगा."

"सांगतो."

"पुढं," रोहिणी म्हणाली, आणि गाडीवरून उतरली नाही.